आसरांची विहीर

आमच्या घरात विहिरीचं नाव घ्यायची सोय नव्हती. घ्यायचीच वेळ आली तर आई 'तिकडं' म्हणायची. मामा तिकडं गेलाय, तिकडची मोटार जळाली, तिकडं यंदा पाणी बरं हाय. अहमदपूरला नळ यायचा तो कधी यायचा ते नळालाच माहीत, आणि आला की सगळ्या गल्लीत घागरींचा, पाइपांचा, भांडणांचा एकच गलका उठायचा. बाकीच्या घरांत त्या गलक्यानं उत्साह यायचा. आमच्याकडं आई हातातली भाकरी तव्यावर टाकून आधी हौदाकडं पळायची आणि झाकण घट्ट बसलंय का ते हलवून बघायची. मी कॉलेजला जाण्याएवढी घोडी झाले तरी हौदातून पाणी काढायचं काम तिनं मला कधी दिलं नाही. डोक्यावरून आंघोळ करताना पाणी नाकातोंडावर आलं की माझा श्वास अडकायचा आणि मी तांब्या टाकून द्यायची. बाहेरून आई लगेच विचारायची, "काय झालं गं? उज्जू? बोल की!" मी बोलेपर्यंत ती दार वाजवत राहायची.

याला कारण सुमन मावशी. आईची पाठची बहीण, माझ्या जन्माआधीच गेलेली. मामाच्या शेतातल्या विहिरीवर ती पाण्याला म्हणून गेली, आणि तिच्या चपला तेवढ्या वरच्या पायरीवर सापडल्या. पाय घसरला असं काहीजण म्हणत, काहीजण दुसरंही म्हणत. आईनं दोन्ही गोष्टी कानाआड केल्या. तिच्या लेखी सुमनला आसरांनी नेलं होतं. आमच्या भागात अजूनही मानतात, पाण्यात साती आसरा राहतात, सात बहिणी. त्यांना बिनलग्नाच्या तरण्या पोरी आवडतात, आणि आवडली की त्या ठेवून घेतात. म्हणून आई दर येळवशीला, म्हणजे वेळ अमावस्येला, कासाराकडून हिरव्या बांगड्या घ्यायची, सोबत खण आणि हळदकुंकू. विहिरीजवळ मात्र ती जायची नाही. लांब लिंबाखाली उभी राहून ती ते सगळं मामाच्या हातात द्यायची आणि मामा काठावरून बांगड्या पाण्यात सोडायचा. "माज्या बहिणीला नीट ठिवा गं मायांनो," असं ती मोठ्यानं म्हणायची, आणि मग पुटपुटत, "हिला नगा बघू." हे म्हणताना माझं मनगट तिच्या मुठीत असायचं. तिची नखं रुतायची. मला आसरांपेक्षा त्या मुठीचं जास्त भय वाटायचं, कारण ती थरथरत असायची.

अप्पांचा स्वभाव अगदी उलटा. घराच्या पुढच्या खोलीत त्यांचा फोटो स्टुडिओ होता, आणि लग्नाच्या शूटिंगची कामं यायला लागल्यापासून त्यांचे दिवस पालटले होते. कपाळाला भस्माचे पट्टे, गळ्यात इष्टलिंग आणि खांद्यावर कॅमेरा, अशा थाटात ते मांडवात शिरले की नवरदेवापेक्षा त्यांनाच जास्त मान मिळायचा. नवरीच्या खोलीत पुरुषमाणसाला जाता येत नाही, म्हणून तिथलं शूटिंग माझ्याकडं आलं. हळद लावणाऱ्या बायका, रडणारी आई, डोक्यावरचा पदर सांभाळत रुसून बसलेली मावशी, हे सगळं मी टिपलंय. हात न हलवता धरायची सवय मला तिथं लागली. घरी आल्यावर आई गरम येसर आमटी आणि ज्वारीची भाकरी वाढायची. अप्पा टीव्हीला वायर जोडून दिवसभराचं शूटिंग लावायचे आणि आई ताटावरूनच शेरे मारायची, "ह्या बाईची नथ उसनी दिसू लाली." आमच्या घरातला सगळ्यात सुखाचा वेळ तो. अप्पांचा एकच दोष होता, त्यांनी आयुष्यात कुठल्या गिऱ्हाइकाला नाही म्हटलं नाही. घोड्यावर बसून शूटिंग करता का विचारलं तरी 'करू की' म्हणायचे आणि मग रात्रभर घोड्याची चिंता करायचे.

त्या दोषामुळंच माझं आयुष्य वळलं. नांदेडला गोदावरीच्या काठी मद्रासकडचे एक गृहस्थ नदीतल्या जिवांचं चित्रीकरण करायला आले होते. सगळे त्यांना सर म्हणत, म्हणून आम्हीही. त्यांना जनरेटर, टीव्ही आणि हाताखाली दोन माणसं हवी होती. अप्पा मला घेऊन गेले. पात्राजवळ उभारलेल्या कापडी राहुटीत सरांनी टीव्ही लावला आणि मी पहिल्यांदा नदी आतून बघितली. वाळूत एक मऊ पाठीचं कासव स्वतःला पुरून घेत होतं. नुसतं नाक वर, पंजांनी वाळू अंगावर ओढत, अगदी गोधडी ओढून घ्यावी तसं. मला भीती वाटत होती आणि नजरही हलवता येत नव्हती. पाण्याखाली कुणीतरी राहतं हे मी जन्मापासून ऐकत आले होते, पण तिथं राहणारं कुणी इतकं निवांत असेल असं मला कुणी सांगितलं नव्हतं. अप्पांनी सोबत नेलेलं नवरीच्या खोलीतलं माझं शूटिंग सरांनी बघितलं. हात चांगला आहे म्हणाले. पुढच्या पावसाळ्याआधी ते बेटांकडं समुद्रात जाणार होते आणि त्यांना शिकाऊ माणूस हवं होतं. "लडकी को तैरना आता है?" त्यांनी विचारलं. मी काही बोलायच्या आत अप्पा म्हणाले, "आता है की! मच्छी है मच्छी."

मग पाण्याखाली घेतलेलं काहीतरी दाखवायला घेऊन या, असं सर म्हणाले.

एस.टी.त बसल्यावर अप्पांच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला. कंधार मागं पडल्यावर म्हणाले, "उज्जे, तुला पवायला येत न्हाई न्हवं?" मी म्हटलं, "अप्पा, मला आंघोळ करायला येत नाही." ते हसले, मीही हसले, आणि हसता हसता मला रडू आलं. मला जायचं होतं. आयुष्यात कुठलीच गोष्ट मी इतकी मागितली नव्हती, आणि कुठल्याच गोष्टीला इतकी घाबरलेही नव्हते.

शिकवायला मामाच तयार झाला. अप्पांनी त्याला कसं विचारलं कोण जाणे. सुमन मावशीला वर काढणारा मामाच होता. त्याविषयी तो कधी बोलायचा नाही, त्या दिवशीही बोलला नाही. एवढंच म्हणाला, "पवायला येत न्हाई म्हनून आपल्या घरातलं अजून कुनी मरू ने. पर अक्काला कळलं तर ती मला जित्ता सोडायची न्हाई." आईला आम्ही सांगितलं की संगणकाचा क्लास लावलाय. करडीच्या तेलाचा रिकामा प्लास्टिकचा कॅन माझ्या पाठीला दोरीनं बांधून मामा मला पायऱ्यांवरून खाली न्यायचा. सकाळचं ऊन वरच्या काठावर असायचं, आणि पायरीगणिक आपण त्यातून निघून दगडांच्या ओल्या वासात उतरतो हे कातडीला कळायचं. पहिल्या दिवशी मी शेवटच्या पायरीवर बसून राहिले आणि परत आले. दुसऱ्या दिवशीही तेच. मामा रागावला नाही. त्यानं पायरीवर बसून शेंगा फोडल्या, मला दिल्या, स्वतः खाल्ल्या. मी पाण्यात पडले ती शेवटी माझ्या धैर्यानं नाही, शेवाळावर पाय घसरून. मी किंचाळले. पाणी तोंडात शिरलं. तो कॅन मला वर धरून होता, तरी मी ठार मेले अशी माझी खात्री झाली होती. मामा काठावरून ओरडत होता, "पाय मार! अगं पाय मार, कॅन हाय की पाठीला!" अंगाला आणि केसांना करडीच्या तेलाचा वास राहायचा. आई म्हणायची, संगणकाला तेल घालतेत का गं.

हल्ली कुणी माझी मुलाखत घ्यायला आलं की विचारतं, शार्कची भीती वाटत नाही का. मी म्हणते, वाटते, पण शार्क दिसतो. मामाच्या विहिरीत पायाखाली काहीच दिसायचं नाही. हिरवं पाणी, त्याखाली काळं पाणी, आणि काळ्यातून कधीतरी काहीतरी पोटरीला घासून जायचं. मरळ मासा असतो, मामा सांगायचा. मला सात बहिणींचे हात वाटायचे. माझा उजवा कान आता कामातून गेलाय, गुडघे बोलतात, पण आजही बोटीच्या कडेवरून मागं पडताना त्या क्षणी मी समुद्रात पडत नाही, त्या विहिरीतच पडते.

कॅन सुटला, मग दोरी सुटली, आणि हिवाळा लागता लागता मी श्वास धरून तळाकडं जाऊ शकत होते. सरांनी दिलेला जुना रबरी चष्मा होता. प्रश्न होता कॅमेऱ्याचा. अप्पांनी तेलाचा पत्र्याचा डबा घेतला, एक बाजू कापून तिथं काच बसवली, ट्रॅक्टरच्या ट्यूबचं रबर आणि काचेला लावायची लांबी भरून फटी बुजवल्या आणि आत त्यांचा जुना, लहान कॅमेरा ठेवायची सोय केली. डबा बुडून कॅमेरा गेला तर, या काळजीनं त्यांनी त्याला बैल बांधायचा कासरा बांधला. तो डबा पहिल्यांदा पाण्यात सोडला तेव्हा बुडायचं नाव घेईना. आम्ही दोघं त्याच्यावर बसलो तरी तो बाहेर येऊन डोलायचा. अप्पा डोकं खाजवत म्हणाले, "म्हंजे इतकं कष्ट करून आपन होडी केली." शेवटी गोणपाटात दगड भरून खाली लटकवले तेव्हा कुठं तो खाली जायला लागला.

येळवशीचा दिवस आम्ही निवडला याला कारण होतं. त्या दिवशी शूटिंगला कुणी काही विचारत नाही आणि भर दुपारी ऊन विहिरीत उतरतं. आईही शेतात येणार हे माहीत होतं, पण ती लिंबाच्या पुढं पाऊल टाकत नाही हेही माहीत होतं. कडब्याच्या पेंढ्यांची खोपी, तिच्यात चुन्यानं रंगवलेले पाच पांडव, पूजा झाली, बांगड्याही मामानं सोडल्या. मग पंगत बसली. भज्जी, बाजरीचे उंडे, खीर, आणि घोंगडीत गुंडाळून आणलेल्या मडक्यातली आंबील. गावातले पाहुणे आंबिलीवर आंबील ओढत होते. आई वाढत होती. मी आणि अप्पा शेताचं शूटिंग घेतो म्हणून उठलो. 

अप्पांनी कॅमेरा चालू केला, डब्यात ठेवला, झाकण आवळलं. मी वरच्या पायरीवर चपला काढल्या. आजही मला कळत नाही की हे आमच्या दोघांच्याही डोक्यात कसं आलं नाही. चपला घालून कोण पाण्यात जातं, म्हणून काढल्या, आणि काय.

पाणी बर्फ होतं. कासऱ्याला धरून मी खाली गेले. उन्हाचा एक जाड पट्टा पाण्यातून तिरपा गेला होता आणि त्यात धूळ तरंगत होती, घरात कवडशात तरंगते तशी. कान दुखले, मग आवाज बंद झाले. भिंतीच्या दगडांतून लहान मासे निघाले आणि काचेपाशी येऊन उभे राहिले. एक कासव आलं. त्यानं माझ्याकडं बघितलं आणि मान वळवून निघून गेलं. मी डबा त्याच्या मागं वळवला, आणि तिथं हात होता.

तळातल्या गाळातून एक हात वर आला होता, कोपरापासून बांगड्यांनी भरलेला. हिरव्या बांगड्या. काही शेवाळलेल्या, काही अगदी नव्या, उन्हात चमकणाऱ्या. माझ्या तोंडातून सगळी हवा बुडबुड्यांनी निघून गेली. पळायचं होतं आणि पाय हलत नव्हते. त्या हाताला बोटं नव्हती हे मला कधी दिसलं ते आठवत नाही. बाभळीची फांदी होती. कधीतरी वरून पडून गाळात रुतलेली, आणि इतक्या वर्षांत वरून सोडलेल्या बांगड्यांपैकी काही तिच्यात अडकत गेलेल्या. छातीत जाळ होत होता. तरी मी डबा धरून राहिले, हलू दिला नाही. सवय, दुसरं काय. मग दगडांचं गोणपाट सोडून दिलं, लाथ मारली आणि डब्यासकट वर निघाले.

डोकं बाहेर आलं ते आईच्या किंकाळीत. खीर संपत आली म्हणून ती अप्पांना बोलवायला खोपीच्या बाहेर आली होती, आणि लांबून तिला पायरीवरच्या चपला दिसल्या. लिंब ओलांडून ती धावत आली होती. वरच्या काठावर पोटावर पडून, अर्धी आत लोंबत, ती ओरडत होती, आणि ओरडत होती ते माझं नाव नव्हतं. "सुमेऽ! सुमेऽ!" मामानं तिला कमरेला धरलं होतं. अप्पांच्या हातातला कासरा सुटला होता. मी ओरडून सांगत होते, "आई, मी आहे, मी आहे," आणि तिला ते ऐकू जात नव्हतं.

मला वर घेतल्यावर तिनं मला मारलं. मग माझं ओलं डोकं पदरानं पुसलं. मग ती बोलायची बंद झाली.

ती गप्प बसलेली मी कधी बघितली नव्हती. स्वयंपाक व्हायचा, ताटं वाढली जायची, पण टीव्हीवर लग्न लावलं तरी एक शेरा नाही. सरांचं, समुद्राचं सगळं मी तिला सांगून टाकलं, तरी ती भाकऱ्या थापत राहिली. अप्पा तिच्याशी बोलायला जायचे आणि परत यायचे. मी ठरवलं, जायचं नाही. मला समुद्राची भीती वाटत होतीच, पण मी गेले तर ही बाई आतून मरेल याची भीती त्याहून मोठी होती. अप्पांना मी सांगितलं, कॅसेट पुसून टाका. ते कधी नव्हे ते म्हणाले, "न्हाई."

आणि एका दुपारी आईच म्हणाली, "लाव ते." मी तांदूळ निवडत होते. "काय लावू?" "तिकडचं." अप्पांनी माझ्याकडं बघितलं.  ती फांदी तिच्या पुढं यायला नको होती.

पडद्यावर आधी अप्पांचं भलंमोठं बोट आलं, मग पाणी, भिंत, मासे. आई पाटावर बसली होती, मान पुढं काढून. कासव आलं, गेलं. मग ते आलं. मी डोळे मिटले. काहीच आवाज झाला नाही म्हणून उघडले, तर आई उठून टीव्हीपाशी गेली होती. "मागं घ्या," ती म्हणाली. अप्पांनी मागं घेतलं. तीनदा, चारदा. "ह्या नागमोडीच्या," ती काचेवर बोट ठेवून म्हणाली, "तुज्या बारशाच्या वर्साच्या. ह्या बारीक, त्या साली कासारानं दुसऱ्या दिल्या न्हवत्या." मी म्हटलं, "आई, ती फांदी आहे." "दिसतंय मला," आई म्हणाली. पुढं डबा वर आला, पडद्यावर आभाळ गरकन फिरलं, आणि तिची स्वतःची किंकाळी खोलीत घुमली. सुमेऽ. आई दचकून मागं सरकली. त्यानंतर कॅसेटवर आधीपासून असलेलं कुठलंसं लग्न सुरू झालं आणि बँडवाले नाचायला लागले. अप्पांनी धावत जाऊन बटण दाबलं.

आई माझ्याजवळ येऊन बसली. तांदळाचं सूप तिनं स्वतःकडं ओढून घेतलं, पण निवडलं नाही.

"सुमनला भेव वाटलं आसंल का गं?" तिनं विचारलं. "खरं सांग. तू जाऊन आलीस."

इतकी वर्षं सगळ्यांनी तिला सांगितलं होतं की आसरांनी तिला फुलासारखं नेलं, तिला काही कळलंसुद्धा नाही. मलाही तेच सांगता आलं असतं. मी घाबरले होते. खरं बोलायला मी त्या विहिरीतही इतकी घाबरले नव्हते.

"वाटलं असेल, आई," मी म्हटलं. "खूप वाटतं. छाती फुटते आणि कुणाला हाक मारता येत नाही. पण ते लवकर संपतं."

आई रडली. मामा नंतर म्हणाला की सुमनच्या मातीच्या दिवशीही ती रडली नव्हती. तिचा हुंदका कसा असतो ते मला तोवर माहीतच नव्हतं. अप्पा दाराच्या चौकटीला धरून उभे राहिले. ती बराच वेळ रडली, मग पदरानं नाक पुसलं, सूप हातात घेऊन एकदा पाखडलं आणि माझ्याकडं न बघता म्हणाली,

"कवा जायचंय म्हनलीस तुला?"